शांता आपटे : पडद्यावरचे गाणे आणि ‘प्रभात’च्या फाटकासमोरचे उपोषण

पायपेटी (धागाकर्ती)

मराठी बोलपटाच्या पहिल्या दशकाविषयी बोलणे निघाले की दुर्गा खोटे आणि दिग्दर्शक व्ही. शांताराम ऊर्फ शांतारामबापू यांच्याविषयी भरभरून बोलले जाते. शांता आपटे यांचे नाव मात्र बहुतेक वेळा ‘कुंकू’ची नायिका एवढ्यावरच थांबते. गेले काही महिने मी त्यांचे उपलब्ध चित्रपट आणि ध्वनिमुद्रिका एकामागून एक पाहत-ऐकत आहे. त्यातून माझे असे मत झाले की शांताबाईंचे गाणे, त्यांचा अभिनय आणि १९३९ साली त्यांनी ‘प्रभात’ या चित्रपट कंपनीच्या दारात केलेले उपोषण या तीन वेगवेगळ्या गोष्टी मानणे ही आपली चूक आहे. तिन्हींच्या मागे एकच बाई आहे. आपले शरीर आणि आपला आवाज हे आपल्या कामाचे भांडवल आहे, हे तिला पक्के ठाऊक होते. त्याविषयी सविस्तर लिहावे म्हणून हा धागा.

शांताबाईंचा जन्म सोलापूर जिल्ह्यातील दुधनीचा. वडील रेल्वेत स्टेशनमास्तर होते आणि घरात गाण्याची आवड होती. पंढरपूरच्या महाराष्ट्र संगीत विद्यालयात त्यांचे शिक्षण झाले आणि पुण्याच्या गणेशोत्सवात गाणारी मुलगी म्हणून त्यांचा बोलबाला झाला. थोरले बंधू बाबुराव आपटे यांचा त्यांच्यावर कडक पहारा असे. भालजी पेंढारकरांनी त्यांना ‘श्यामसुंदर’ (१९३२) मध्ये राधेची भूमिका दिली, त्यात शाहू मोडक कृष्ण होते. हा चित्रपट मुंबईत पंचवीस आठवड्यांहून अधिक चालला. बोलपट येऊन जेमतेम वर्ष झालेले असताना मराठीत रौप्यमहोत्सव साजरा होणे ही किती मोठी गोष्ट होती, हे आज एका शुक्रवारात चित्रपट उतरताना पाहणाऱ्यांना सांगायलाच हवे.

खरी कलाटणी मिळाली ती ‘अमृतमंथन’ने (१९३४). कोल्हापूर सोडून पुण्यात आल्यावर ‘प्रभात’ने काढलेला हा पहिला चित्रपट. संगीत केशवराव भोळे यांचे होते. आदल्याच वर्षी, १९३३ मध्ये, ‘नाट्यमन्वंतर’च्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात त्यांनी पल्लेदार ताना आणि ‘वन्स मोअर’ यांच्या मागे धावणाऱ्या नाट्यसंगीताऐवजी थोडकी, अर्थाला धरून चालणारी पदे दिली होती, आणि तीच दृष्टी ते चित्रपटात घेऊन आले. पार्श्वगायनाची पद्धत तेव्हा यायची होती. नट कॅमेऱ्यासमोर उभा राहून खरोखर गात असे, वादक चौकटीबाहेर किंवा एखाद्या झाडाझुडपाच्या आड बसत आणि मायक्रोफोनच्या टप्प्याबाहेर जायचे नाही म्हणून गाणारा खांबासारखा उभा राही. संगीत नाटकांतून आलेल्या मंडळींना त्यात वावगे काही वाटत नसे, कारण रंगभूमीवरही पद सुरू झाले की नाटक थांबत असे.

शांताबाईंनी ही सवय मोडली. हिंदी आवृत्तीतील ‘रात आई है नया रंग जमाने के लिए’ ही गझल पाहा. गाताना त्यांचे डोळे, मान, हात आणि खांदे थांबत नाहीत, आणि तरीही ते हावभाव गाण्यावर वरून चिकटवल्यासारखे दिसत नाहीत. बैठकीतील गायिका जशी शब्दाला हाताने उचलून दाखवते, तसे काहीसे ते आहे. तथापि बैठकीत समोर पंचवीस रसिक असतात आणि इथे समोर एक भिंग होते, जे पापणीची हालचालही मोठी करून दाखवणार होते. हे भान त्यांना इतक्या कोवळ्या वयात कसे आले असेल, याचे मला अजूनही आश्चर्य वाटते.

पुढे ‘अमरज्योती’ (१९३६) आला. त्यातले मास्टर कृष्णरावांनी बांधलेले ‘सुनो सुनो बन के प्राणी’ देशभर गेले. मग ‘वहाँ’, आणि १९३७ मध्ये ‘कुंकू’.

‘कुंकू’ची कथा ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर बेतलेली आहे, म्हणून ती पुन्हा सांगत नाही. नातेवाइकांनी फसवून एका वृद्ध विधुर वकिलाच्या गळ्यात बांधलेली नीरा हे लग्न मान्यच करत नाही, एवढे येथे पुरे. या चित्रपटात शांतारामबापूंनी पार्श्वसंगीत जवळजवळ वर्ज्य केले होते. जो आवाज ऐकू येईल तो त्या प्रसंगात प्रत्यक्ष हजर असलेल्या वस्तूचा किंवा माणसाचाच असला पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. त्यामुळे भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक एखाद्या पात्रासारखी वावरते आणि नीरेला गायचे असेल तेव्हा ग्रामोफोनवर तबकडी चढवावी लागते. लाँगफेलोची इंग्रजी कविता ती अशीच गाते. विहिरीसारख्या त्या घरात कोंडलेली मुलगी यंत्रातून येणाऱ्या वाद्यांच्या साथीने परक्या भाषेतील कविता गाते आहे आणि घरात ते समजून घेणारे फारसे कोणी नाही, हा प्रसंग मराठी चित्रपटातील अतिशय एकाकी प्रसंगांपैकी आहे असे मी म्हणेन.

त्यानंतरच्या वर्षी दामले-फत्तेलाल या दिग्दर्शक जोडीचा ‘गोपाळकृष्ण’ आला आणि शांताबाई पुन्हा राधा झाल्या. कृष्ण होते राम मराठे, तेव्हा लहान वयाचे. लोकप्रियतेच्या अशा टोकावर असताना, १९३९ च्या जुलैमध्ये, करारावरून कंपनीशी वाद झाला आणि शांताबाई ‘प्रभात’च्या फाटकाशी येऊन उपोषणाला बसल्या. त्याविषयी मी मुद्दाम थोडेच लिहिले आहे, कारण त्यावर येथे मतभेद होणार याची मला खात्री आहे.

मध्यलय

लेख आवडला. माझ्या आईच्या तोंडी ‘कशाला उद्याची बात’ हे गाणे नेहमी असे आणि ते शांता आपटे यांचे आहे असेच ती सांगत असे. त्याचा उल्लेख लेखात राहून गेला का? ते गाणे उपोषणाच्या आधीचे की नंतरचे?

पायपेटी

मध्यलय, हा घोटाळा फार जुना आहे आणि आपल्या आईंनाच तो झाला असे मुळीच नाही. ‘कशाला उद्याची बात’ हे ‘माणूस’ (१९३९) मधील मैनेचे गाणे आहे आणि ते शांता हुबळीकर यांनी गायिले आहे. दोघी शांता, दोघी ‘प्रभात’च्या आणि दोघी स्वतःच गाणाऱ्या, त्यामुळे गल्लत होते. हुबळीकरांनी पुढे आपल्या आत्मचरित्राला त्याच गाण्याचे नाव दिले. ज्या वर्षी आपटे ‘प्रभात’च्या दाराबाहेर बसल्या, त्याच वर्षी दुसऱ्या शांतेच्या त्या गाण्याने ‘प्रभात’ने थिएटरे भरली, हा योगायोग मात्र मला चटका लावतो. स्टुडिओला एका कलावंताची उणीव किती लवकर भरून काढता येत असे, हेही त्यातून दिसते.

सनदी

लेखिकेच्या अभ्यासाविषयी आदर आहे, पण उपोषणाला जे तात्त्विक वजन दिले जात आहे ते मला पटत नाही. स्टुडिओंच्या काळात कलावंत मासिक पगारावर असत आणि करार चालू असेपर्यंत त्यांना बाहेर काम करता येत नसे, हे सही करतानाच ठाऊक असे. शांताबाई त्या काळच्या चांगल्या पगारदार तारका होत्या. ज्या स्टुडिओत सुतार, रंगारी, शिंपी आणि एक्स्ट्रा नट अगदी किरकोळ पगारावर राबत, तेथे एका प्रसिद्ध नटीने दारात बसून वर्तमानपत्रांचे लक्ष वेधावे, याला मी कामगार लढा म्हणणार नाही. गांधीजींच्या उपोषणांमुळे ते हत्यार सर्वांच्या ओळखीचे झाले होते, आणि बाईंनी ते नाट्यमय रीतीने वापरले एवढेच.

शिवाय दुर्गाबाई खोटे यांचे उदाहरण समोर होतेच. त्यांनी एका कंपनीशी स्वतःला बांधून न घेता ‘प्रभात’, कलकत्त्याचे न्यू थिएटर्स अशा निरनिराळ्या ठिकाणी कामे केली आणि त्यासाठी त्यांना कोणाच्या दारात उपाशी बसावे लागले नाही.

पायपेटी

सनदी, दुर्गाबाईंचा मुद्दा महत्त्वाचा आहे, पण तोच मला उलट दिशेने नेतो. दुर्गाबाई लाडांच्या श्रीमंत, शिकलेल्या घरातून आल्या होत्या. संसारात पुढे आर्थिक अडचणी आल्या हे खरे, तरी कंपनीच्या मालकांशी बरोबरीने बोलण्याची सवय त्यांना घरातूनच मिळाली होती. स्टेशनमास्तरच्या घरातील, मेळ्यात गाणाऱ्या मुलीकडे ती पुंजी नव्हती. तिच्याकडे प्रेक्षक होते, आवाज होता आणि स्वतःचा देह होता. तिने त्यातल्या शेवटच्या गोष्टीचा उपयोग केला.

त्या केवळ प्रसिद्धीसाठी बसल्या होत्या असे म्हणणाऱ्यांनी पुढच्याच वर्षी, १९४० मध्ये, प्रसिद्ध झालेले त्यांचे ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक पाहावे. नटीने लिहिलेले पुस्तक म्हटले की आपण आठवणी, कौतुके आणि थोडी उणीदुणी अपेक्षितो. हे पुस्तक तसे नाही. सिनेमात जाऊ का, असे विचारणाऱ्या तरुण मुलामुलींना समोर धरून त्या हा धंदा कसा चालतो ते सांगतात. पैसा कोण घालतो, नफा कोणाकडे जातो, कलावंताचे श्रम कोठे मोजले जातात आणि कोठे मोजलेच जात नाहीत, याचा हिशेब त्यात आहे. चकाकीला भुलून येणाऱ्याला त्या स्टुडिओ हा एक कारखाना म्हणून दाखवतात. सुतार आणि एक्स्ट्रा यांच्याविषयीची आपली तक्रार रास्त आहे, परंतु नटी हीसुद्धा त्याच कारखान्यात काम करणारी व्यक्ती आहे, हा विचार १९४० मध्ये मराठीत छापून आणणारी बाई तीच होती. शांतारामबापूंची बाजू वाचायची असेल तर ‘शांतारामा’ हे त्यांचे आत्मचरित्र आहेच. दोन्ही शेजारी ठेवून वाचावीत.

सनदी

पुस्तकाचा मुद्दा मान्य. उपोषणाविषयीचे माझे मत मात्र कायम आहे.

दुधनी स्टेशन

माझे आजोळ त्याच भागातले असल्याने थोडी भर घालतो. दुधनी हे अक्कलकोट तालुक्यातले, कर्नाटकाच्या सीमेला लागून असलेले बाजाराचे गाव. सोलापूरहून कलबुर्गीकडे जाणाऱ्या लोहमार्गावर ते लागते. तेथे घराघरांत कानडी आणि मराठी दोन्ही बोलल्या जातात, आणि लहान मूल कोणत्या भाषेत रडते हे त्या क्षणी शेजारी कोण बसले आहे यावर ठरते, असे आम्ही गमतीने म्हणतो. रेल्वेच्या नोकरीतील कुटुंबे तर सतत फिरती. मराठी, हिंदी, इंग्रजी आणि पुढे तमिळ अशा भाषांत शांताबाई न बुजता कशा गायिल्या, याचा थोडासा उलगडा त्यात होत असावा. हा केवळ माझा तर्क आहे, आणि तो गावाच्या अभिमानातून आलेला आहे हेही कबूल करतो.

अड्यारकर

मी बरीच वर्षे चेन्नईत राहतो, त्यामुळे तमिळचा उल्लेख निघाला याचा आनंद झाला. तो चित्रपट म्हणजे ‘सावित्री’ (१९४१). वाय. व्ही. राव यांनी तो दिग्दर्शित केला आणि सत्यवानाची भूमिकाही स्वतःच केली. सावित्री शांता आपटे आणि नारद एम. एस. सुब्बुलक्ष्मी! बाईने नारद साकारणे हा तेव्हाही कुतूहलाचा विषय होता. सुब्बुलक्ष्मींनी ती पुरुष भूमिका स्वीकारण्यामागे त्यांचे पती सदाशिवम आणि लेखक कल्की कृष्णमूर्ती यांना ‘कल्की’ हे साप्ताहिक काढण्यासाठी पैसा हवा होता, हे कारण इकडे सर्वांना माहीत आहे. शांताबाईंनी या एका चित्रपटासाठी शिक्षक ठेवून तमिळचा अभ्यास केला आणि आपले संवाद व गाणी स्वतःच म्हटली.

येथील जुन्या रसिकांशी बोलताना एक गोष्ट लक्षात आली. सुब्बुलक्ष्मींच्या शेजारी उभे राहून गाणे म्हणजे कर्नाटक संगीताच्या अंगणात परक्याने गाणे. तरीही शांताबाईंचे नाव इकडे हेटाळणीने घेतले जात नाही. उच्चारांबद्दल थोडे हसू जरूर येते, पण त्यामागच्या मेहनतीबद्दल मान आहे.

ख्याल

थोडा कडवट सूर लावतो, त्याबद्दल धागाकर्तीने राग मानू नये. आपण सर्वजण १९३४ ते १९४१ या सातच वर्षांभोवती फिरत आहोत. त्यानंतर बाई दोन दशकांहून अधिक काळ जगल्या, आणि चित्रपटही पुष्कळ केले. लाहोरला निर्माते पांचोलींचा ‘जमींदार’ (१९४२) केला. गुलाम हैदर यांच्या संगीतातील ‘छोटा सा संसार हमारा’ त्यातलेच, आणि ते उत्तम आहे. देवकी बोस यांचा ‘अपना घर’, मास्टर विनायक यांचा ‘सुभद्रा’ (१९४६), भालजींचा ‘वाल्मीकी’, ज्यात पृथ्वीराज आणि राज कपूर हे पितापुत्र होते. तरीही ‘कुंकू’सारखी भूमिका त्यांना पुन्हा मिळाली नाही. ‘प्रभात’ने त्यांना बांधले होते हे खरे असेल, पण दिग्दर्शक, संगीतकार, कथा आणि तालमीला वेळ हे सारे ‘प्रभात’नेच दिले होते. फाटकाबाहेर पडल्यावर पगार वाढला असेल, कला वाढली नाही.

आणि गळ्याविषयी बोलायचे तर त्यांचा आवाज काहीसा धारदार आहे. हिराबाई बडोदेकरांच्या आवाजातील गोलाई किंवा ज्योत्स्ना भोळे यांच्या आवाजातील लडिवाळपणा त्यात नाही. नुसत्या तबकडीवर ऐकले तर दहा मिनिटांत कान थकतो.

पायपेटी

राग कसला? पहिला मुद्दा मी बऱ्याच अंशी मान्य करते. स्टुडिओ कलावंताला बांधतो आणि घडवतोही. शांताबाईंची ही दोन्ही देणी-घेणी एकाच खात्यात होती. परंतु कलेच्या उताराचे सारे कारण त्या फाटकाशी शोधू नये असे मला वाटते. चाळीसच्या दशकात गाणाऱ्या नटनट्यांची सारी जातच ओसरू लागली. सैगल १९४७ च्या जानेवारीत गेले, नूरजहाँ फाळणीनंतर पाकिस्तानात गेल्या, आणि १९४९ मध्ये ‘महल’, ‘बरसात’, ‘अंदाज’ आल्यावर चेहरा एकीचा आणि आवाज दुसरीचा ही वाटणी कायमची झाली. आपण ज्या ‘सुभद्रा’चा उल्लेख केला, त्यात छोट्या भूमिकेत एक मुलगी आहे, जिने शांताबाईंबरोबर गाणेही म्हटले आहे. तिचे नाव लता मंगेशकर. त्या गाण्यात दोन काळ शेजारी उभे आहेत. १९४८ चा मराठी ‘भाग्यरेखा’ आणि १९४९ चा ‘स्वयंसिद्धा’ हे त्यांचे चित्रपट याच संधिकाळातले आहेत. शांताबाईंसारख्या कलावंताला या वाटणीचा फटका इतरांपेक्षा जास्त बसला असणार, कारण गाणे आणि वावर वेगळे काढता येत नाहीत हीच तर त्यांची खासियत होती.

गळ्याविषयीचे आपले निरीक्षणही बरोबर आहे, आणि म्हणूनच मी म्हणते की त्यांच्या तबकड्या ऐकून निवाडा करू नये. धार आहे, क्वचित कर्कशपणाकडेही झुकते. पडद्यावर मात्र ती धार नीरेच्या हट्टाला शोभते. ज्योत्स्नाबाईंच्या लडिवाळ गळ्यातून आलेली नीरा मला तरी पटली नसती. सावत्र मुलगा अंगचटीला येऊ लागल्यावर हातात छडी घेऊन त्याला झोडपणारी ती मुलगी आहे!

लॉ कॉलेज रोड

काही वर्षांपूर्वी मी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनी विभागात शिकलो. ‘प्रभात’ची जागा १९६० पासून संस्थेकडे आहे, आणि जुने चित्रीकरणाचे भव्य दालन आजही वापरात आहे. तेथे टाळी वाजवली की प्रतिध्वनी कसा लवकर विरतो हे आम्हाला पहिल्या आठवड्यातच दाखवतात. शांता आपटे यांच्या उपोषणाविषयी मला तेथे कोणत्याही वर्गात ऐकायला मिळाले नाही. २०१५ मध्ये विद्यार्थ्यांचा संप १३९ दिवस चालला, त्यात साखळी उपोषणही झाले, आणि तेव्हा कोणीतरी फलकांच्या गर्दीत ‘१९३९’ एवढाच आकडा लिहून ठेवला होता असे एका ज्येष्ठ विद्यार्थ्याने मला सांगितले. आम्ही बहुतेकांनी तो महायुद्धाचा संदर्भ समजून सोडून दिला असता.

ध्वनीच्या अंगाने एक सांगतो. ‘अमृतमंथन’मध्ये गाताना त्यांचे डोके वळते तेव्हा आवाज किंचित मागे जातो आणि पुन्हा पुढे येतो. आजचा ध्वनिमुद्रक याला दोष म्हणेल. मला तो त्या खोलीत एक जिवंत बाई उभी असल्याचा पुरावा वाटतो.

सनदी

ही माहिती नवीन आहे. आभार. एकटीने बसणे आणि शंभरजणांनी बसणे यात फरक आहे, आणि एकटीचे अधिक अवघड, एवढे मात्र मी लिहून देतो. याहून अधिक सवलत नाही.

मध्यलय

काल रात्री आईसह ‘कुंकू’ पाहिला. ती आता ऐंशीच्या पुढे आहे. दोन शांतांचा घोटाळा तिने शेवटी मान्य केला, पण ‘माणूस’मधली शांताच अधिक देखणी होती असा शेरा मारूनच. ग्रामोफोनच्या प्रसंगाला तिने आवाज मोठा करायला सांगितले, कारण इंग्रजी शब्द तिला कळत नव्हते. कविता संपल्यावर ती म्हणाली, “ही मुलगी पाठ केलेले म्हणत नाहीये, कुणाशी तरी भांडतेय.” मग घड्याळाच्या टिकटिकीने तिला डुलकी लागली. जागी झाल्यावर तिने पहिला प्रश्न विचारला तो छडीच्या प्रसंगाविषयी, आणि तो प्रसंग मागे नेऊन मला दोनदा दाखवावा लागला.